बोटभर राखाडी माती

बासिलिया उक लग्न होऊन आमच्या बंदरात आली तेव्हा मी अठरा वर्षांचा होतो आणि बापाच्या हजामतीच्या दुकानात नुकती कात्री धरायला शिकत होतो. त्या दिवसापासून मी तिची चेष्टा करत आलो. कारण साधं होतं: ती हाडं झाडणाऱ्यांच्या गावची.

तिचं माहेर किनाऱ्यापासून आत, कांपेचे शहराच्या वाटेवर. तिकडे माणूस पुरला की तीन वर्षांनी त्याची हाडं वर काढून लाकडी पेटीत ठेवतात. मग दर वर्षी ऑक्टोबर संपता संपता, मेलेली माणसं घरी जेवायला यायच्या आधी, एकेक हाड मऊ ब्रशनं झाडायचं, फडक्यानं पुसायचं आणि नवं, दोऱ्यानं नाव भरलेलं कापड अंथरून पेटीत परत मांडायचं. पायाची खाली, छातीची मध्ये, सगळ्यांत वर कवटी. आम्ही पडलो किनाऱ्यावरचे. मेलेल्यांना जेवू घालतो, पण त्यांची वेणीफणी करत बसत नाही.

तिचा नवरा सिक्स्तो पेच मच्छीमार होता. सगळा जन्म समुद्रात काढला, पण अंगाला गोडं पाणी लावायचं म्हटलं की तोंड वाकडं. तो मेला. तीन वर्षांनी बासिलिया आमच्या दफनभूमीत पेटी मांडीवर घेऊन बसली आणि त्याची हाडं झाडायला लागली. अख्खं बंदर भिंतीवरून डोकावत होतं. मी तर आतच गेलो.

"कोमाद्रे," मी म्हटलं, "एवढी सफाई जिवंतपणी दिसली असती तर हा घर सोडून पळाला असता."

"म्हणून तर आता धरलाय," ती मान वर न करता म्हणाली. "आता पळतोय कुठं? तुझी पाळी आली की तुझी जीभच आधी घासणार होते. पण तिला हाड नाही ना, म्हणून सुटलास."

मी तिला कोमाद्रे आणि ती मला कोंपाद्रे म्हणायची, कारण तिच्या पोराला मी कडेवर घेतला होता. मुलगा चार महिन्यांचा झाला की आमच्यात धर्मबाप त्याला कडेवर बसवतो आणि टेबलाभोवती फेऱ्या घालतो. त्याच्या हातात एकेक वस्तू द्यायची: वही, पेन्सिल, कोयता, जाळ्याची सुई. म्हणजे मोठेपणी ते काम येतं म्हणे. मी लबाडी करून मध्येच माझा कंगवा दिला. म्हटलं, पुढं दुकानाला माणूस होईल. विल्बर्तनं कंगवा चोखला आणि टाकून दिला. मग जाळ्याची सुई मात्र काही केल्या सोडेना. बासिलिया हसली होती. आता आठवलं की वाटतं, ती सुई तेव्हाच हिसकावून घ्यायला हवी होती.

विल्बर्त हे नाव आमच्या बंदरात पाच जणांचं आहे. एका वर्षी कुणीतरी रेडिओवर ऐकलं आणि साथ आल्यासारखं ते पसरलं. बासिलियाचा विल्बर्त त्यातला दुसरा. अंगानं काटक, दात पुढं, हसला की शंभर पावलांवरून कळायचं. समुद्रकाकडीचा धंदा जोरात आला तेव्हा तोही त्यात शिरला. काकडी म्हणजे समुद्राच्या तळाशी लोळणारा किडा, दिसायला ओंगळ. आम्ही पायानं ढकलायचो तो. पण चिनी माणसं आवडीनं खातात हे कळल्यावर सगळं बंदर पाण्याखाली गेलं. होडीत कॉम्प्रेसर, त्याला बिअरची रिकामी टाकी जोडलेली, टाकीतून लांब नळी, आणि नळीचं टोक तोंडात धरून पोरं खाली तासन्‌तास. घाईनं वर आलं की सांध्यांत हवा अडकते. कोण लंगडा झाला, कोण कायमचा बसला. विल्बर्तचे गुडघे शेवटच्या वर्षी दुखायला लागले होते. आई हळद आणि चरबी चोळायची. तो म्हणायचा, "म्हाताऱ्या माणसांचे गुडघे मला दिलेत, तुझे तरुण आहेत, बदलू या?"

काकडी काढायला बंदी असलेल्या महिन्यात, ऑक्टोबरच्या चौदा तारखेला पहाटे, तो एकटाच होडी घेऊन गेला. दुसऱ्या दिवशी होडी सापडली. तेल संपेपर्यंत कॉम्प्रेसर चालत राहिला असावा. नळी पाण्यात लोंबत होती. टोकाला कुणी नव्हतं. त्याच दुपारी उत्तरेचा वारा सुटला आणि तीन दिवस कुणाला समुद्रात पाऊल टाकता आलं नाही.

आता मी जे सांगतोय ते सांगायला मला आवडत नाही, पण सगळ्यांचं सगळं सांगत आलो, तर हेही सांगायला हवं.

सहा आठवड्यांनी दुकानात गर्दी होती. कुणीतरी मला विचारलं, "तिबो, पेचच्या पोराचं काय झालं रे शेवटी?" प्रत्येकाकडे एकेक कारण होतं. नळीत कॉम्प्रेसरचा धूर शिरला. नाही, शार्क. नाही, गुडघे गेले आणि वर येता आलं नाही. नाही, बायकांची भानगड. मी एका गालाला फेस लावत होतो. सगळे गंभीर झाले होते आणि मला दुकानातला गंभीरपणा सोसत नाही. मी म्हटलं, "अरे कसला मेलाय! कानकूनला आहे. हॉटेलात गोऱ्या बायकांना टॉवेल देतो. होडी मुद्दाम सोडून गेला, आईच्या हळदीला कंटाळून." सगळे हसले. मीही हसलो.

संध्याकाळच्या आत ती गोष्ट तीन घरं फिरून बासिलियाकडे पोचली. दुसऱ्या दिवशी सकाळी ती माझ्या दारात उभी. डोळे सुजलेले, पण चेहऱ्यावर असं काही, जे मी सहा आठवड्यांत पाहिलं नव्हतं.

"कोंपाद्रे, कुणी पाहिलं त्याला?"

नाही म्हणायला अर्धा श्वास पुरला असता. पण तिचा तो चेहरा बघून माझ्या बिनहाडाच्या जिभेनं सांगितलं, "एका ट्रकवाल्यानं. नाव नाही सांगितलं. हॉटेलाची भिंत निळी आहे म्हणे."

"निळी," ती म्हणाली आणि गेली.

त्या निळ्या भिंतीवर ती तीन वर्षं जगली. जिवंत माणसाच्या नावानं मेलेल्यांच्या टेबलावर ताट मांडायचं नसतं, आयुष्य तुटतं म्हणतात. म्हणून दर वर्षी एक नोव्हेंबरला, मेलेले जेवायला येतात तेव्हा, तिच्या टेबलावर सिक्स्तोचं ताट, तिच्या आईबापांची ताटं, पण विल्बर्तचं नाही. मात्र आमच्यात एक ताट उंबऱ्याबाहेर ठेवतात, ज्याला कुणी नाही अशा एकट्या आत्म्यासाठी. इतर घरांत त्यात उरलंसुरलं असतं. बासिलिया त्यात कोंबडीचा मोठा तुकडा ठेवायची, वर भरपूर तिखट, विल्बर्तला लागायचं तसं. कुणी काही बोललं नाही. मीसुद्धा नाही, आणि मी न बोललो म्हणजे समजा.

तिसरं वर्ष भरत आलं तेव्हा दगडवाले आले.

तसं आमच्या बंदराला त्यांची सवय आहे. फार पूर्वी, माणूस नव्हता तेव्हा, आकाशातून डोंगराएवढा दगड पडला तो आमच्याच दारात. त्यानं ते थोरले सरडे आणि जगातले निम्म्याहून अधिक जीव संपले, असं सांगतात. दुसऱ्या गावांना देवळं असतात, किल्ले असतात. जगबुडी आमच्या बंदरातून सुरू झाली, आणि आम्ही ती पाहुण्यांना अशी दाखवतो की जणू आमच्या आजोबांनीच ओढून आणली. या खेपेला त्यांनी समुद्रात मचाण उभारलं, तळाला खोल भोक पाडलं आणि दगडाच्या लांब दांड्या वर काढल्या. त्या पेट्यांत भरून जुन्या बर्फाच्या गोदामात ठेवल्या. पेट्या बघायला मेरिदा शहरातली एक तरुण बाई होती, ग्रासिएला नोवेलो. आम्ही तिला इंजिनियरबाई म्हणायचो. खरं तर ती इंजिनियर नव्हती, पण शिकलेल्याला काहीतरी म्हणावं लागतं. तिच्या लोकांचा स्वयंपाक आणि गोदामाची झाडलोट बासिलियाकडे.

इंजिनियरबाई बोलकी होती, पण मानानं बोलायची, मला दॉन आणि बासिलियाला दोन्या लावून. माझ्या दुकानासमोर बसून उसळ-डुक्कर खायची, सोमवारी आमच्याकडे तेच असतं, आणि आम्हांला सांगायची की भांडण अजून मिटलेलं नाही.

"कसलं भांडण?" मी विचारलं. "दगड पडला, सगळे मेले. गुन्हेगार तर आमच्या घरात पुरलाय."

"दॉन तिबो, एवढं सोपं असतं तर मी इथं घामानं का भिजले असते? त्याच सुमाराला जगाच्या पार दुसऱ्या टोकाला, हिंदुस्थानात, जमीन फाटून लाव्हा वाहत होता. एकावर एक थर, काळ्या दगडाचे डोंगरच्या डोंगर तयार झाले. लाखो वर्षं धूर ओकत होते. काही जण म्हणतात, खरा खुनी तो."

"हिंदुस्थानातल्या माणसांना माहीत आहे का हे?"

"असेल की. तेही म्हणत असतील, जगबुडी आमच्या दारातून सुरू झाली."

मला राग आला. आमच्याजवळ एवढं एकच आहे, त्यातही वाटेकरी!

बासिलिया ताटं उचलत होती. ती थांबली. "ते एकदम मेले की हळूहळू?"

"तेच तर शोधायचंय, दोन्या बासिलिया. समुद्र मागे हटत होता, हवा बिघडली होती, म्हणजे ते आधीच आजारी होते का? आणि दगड हा नुसता शेवटचा घाव? की चांगले धडधाकट होते आणि एका दिवसात गेले?"

"त्यांना कळलं असेल का?"

असा प्रश्न इंजिनियरबाईला कुठल्या परीक्षेत आला नसावा. "जवळ होते त्यांना काही कळलं नसेल," ती म्हणाली. "लांबच्यांना कळलं असेल. आकाश काळं झालं. बारीक धूळ कितीतरी वर्षं वर तरंगत राहिली, मग सावकाश समुद्रात खाली बसली. ती बसलेली धूळ आम्हांला सापडलीय. सात नंबरच्या पेटीत. बोटभर राखाडी माती, बस. पण त्या दिवशी इथं जे जे मेलं, ते सगळं त्यात आहे."

मी बासिलियाकडे पाहायला हवं होतं. मी माझ्या ताटाकडे पाहत होतो.

पेट्या न्यायला जहाज येणार होतं, पण उत्तरेच्या वाऱ्यानं ते आठवडाभर अडलं. ऑक्टोबरचे शेवटचे दिवस आले. एका दुपारी, सगळं बंदर झुल्यात आडवं झालेलं असताना, गोदामातून इंजिनियरबाईची किंकाळी आली. मी सर्वांत जवळ होतो आणि, खरं सांगतो, सर्वांत उत्सुक.

आत बासिलिया जमिनीवर मांडी घालून बसली होती. सात नंबरची पेटी पुढ्यात उघडी. दगडाची दांडी तुकड्या-तुकड्यांची असते. तिनं प्रत्येक तुकडा मऊ ब्रशनं झाडून, पुसून, पेटीत आपल्या रीतीनं मांडला होता. लहान खाली, लांब मध्ये, सगळ्यांत वर गोल डोक्याचा. खाली पांढरं कापड, कडेनं लाल-पिवळी फुलं, तिच्या हातची. मध्ये जिथं नाव भरतात तिथं जागा कोरी. आणि कापडाच्या घडीत राखाडी भुकटी. दगड टिकले होते. मऊ होती फक्त ती बोटभर माती, ती ब्रशखाली निघून आली.

"काय केलंत तुम्ही!" इंजिनियरबाई रडत होती. "दोन्या, हे काय केलंत! थरात थर मिसळले, आता त्यातून काय वाचणार? एवढाच होता हो, एवढाच!"

"मळ होता, बाई," बासिलिया घाबरून म्हणाली. "मातीचा मळ. तो काढायचाच असतो."

"कुणी सांगितलं तुम्हांला काढायला?"

इंजिनियरबाईला तिच्या माहेरची रीत कुठून माहीत असणार. मीच मध्ये पडलो आणि सांगितलं: ह्यांच्याकडे तीन वर्षं भरली की हाडं काढतात, झाडतात, कापडात ठेवतात. सांगता सांगता माझ्याच लक्षात आलं की चौदा तारखेला विल्बर्तला जाऊन तीन वर्षं भरली होती.

इंजिनियरबाई गुडघ्यांवर बसली. "दोन्या, हे सहा कोटी साठ लाख वर्षांपूर्वीचं आहे."

"असेल," बासिलिया म्हणाली. "मला आकडे कळत नाहीत. तुम्ही म्हणालात, इथल्या समुद्राच्या तळात जे मेलं ते सगळं यात आहे. त्याच पाण्यातून काढलंत ना हे? तिथंच त्याची नळी लोंबत होती. मला वाटलं, थोडासा तरी असेल. एवढासा. सगळा नको."

मग तिनं माझ्याकडे पाहिलं. ओरडली असती तर बरं झालं असतं. तिनं अगदी हळू, भाव विचारावा तसं विचारलं, "कोंपाद्रे, मी नाव भरलं नाही. तू म्हणाला होतास तो कानकूनला आहे. तीन वर्षं एक पत्र नाही. माझा विल्बर्त असा नाही. मला एकदा खरं सांग. त्याला कुणी पाहिलं होतं?"

दार उघडं होतं. बाहेर वारा पत्र्यांना हलवत होता. माझ्या डोक्यात तेव्हाही दोन-तीन उत्तरं तयार होती, मी तसाच माणूस आहे. ट्रकवाला दुसऱ्या गावचा होता. ट्रकवाला मेला. भिंतीला आता दुसरा रंग दिला.

"कुणी नाही," मी म्हटलं.

"ट्रकवाला?"

"नव्हता."

"आणि निळी भिंत?"

"तीही नव्हती, बासिलिया."

तिनं मान हलवली. पुन्हा हलवली. "निळी भिंत मी रोज बघायचे," ती म्हणाली. "तो ती भिंत पुसताना दिसायचा मला." आणि मग ती वाकली, कपाळ थेट कापडावर टेकवलं आणि तिच्या घशातून जो आवाज आला तो मला सांगता येणार नाही. तीन वर्षांचा साठलेला होता तो. मी तीन वर्षं तिला तो काढू दिला नव्हता.

तिच्या कपाळाला राखाडी धूळ लागली. इंजिनियरबाईनं आधी हात पुढं केला, मला वाटलं धूळ गोळा करायला. पण तिनं बासिलियाच्या पाठीवर हात ठेवला. बऱ्याच वेळानं बासिलिया उठली आणि कापडाच्या चार टोकांची मोट करून ती पुढं धरली. "घ्या. तुमचं आहे."

इंजिनियरबाईनं मोटेकडे पाहिलं. कागदात गुंडाळून, चाळून, काहीतरी करता येईल का, हे तिच्या चेहऱ्यावर स्पष्ट दिसत होतं. "याचा आता मला उपयोग नाही," ती म्हणाली. खरं होतं की खोटं, मी विचारलं नाही. खोट्याचा जाणकार म्हणून सांगतो, खोटं असेल तर फार चांगलं होतं. "दुसरं भोक पाडतील कधीतरी. तुम्ही ठेवा."

त्यापायी इंजिनियरबाईला वरच्यांनी काय काय ऐकवलं ते मला नंतर कळलं. जहाज सहा पेट्या पूर्ण आणि सातवी अर्धी घेऊन गेलं. सरडे आधीच आजारी होते की धडधाकट होते, हे आमच्या बंदरात अजून ठरलेलं नाही.

बासिलियानं दोन दिवसांत नाव भरलं. विल्बर्त पेच उक. लाल दोऱ्यानं, टाके वेडेवाकडे, कारण डोळ्यांतलं पाणी थांबत नव्हतं. सिक्स्तोच्या पेटीशेजारी एक छोटी पेटी ठेवली. तिच्यात एवढीशी मोट. भिंतीवरून कुणी डोकावलं नाही. मी भिंतीपाशी वाट अडवून उभा होतो.

एक नोव्हेंबरला दुपारी मी पिब घेऊन तिच्याकडे गेलो. मक्याच्या पिठात कोंबडी घालून खड्ड्यात भाजतात तो. माझ्या बायकोनं मुद्दाम तिखट केला होता. दारातून आत जायचं धाडस होईना. बासिलियानं पाहिलं आणि म्हणाली, "उभा काय राहिलास? गार होईल त्याचं."

टेबलावर सिक्स्तोच्या ताटाजवळ नवीन ताट होतं. उंबऱ्याबाहेर या वर्षी साधंच ताट, उरलंसुरलं. मी पिब ठेवला. ती म्हणाली, "तू एवढ्या सगळ्यांची सगळी खबर ठेवतोस. तो कशानं गेला रे?"

धूर. शार्क. गुडघे. वारा. "मला माहीत नाही, कोमाद्रे."

"ठीक आहे," ती म्हणाली. "हे पहिलं खरं बोललास."

"दुसरं," मी म्हटलं. तिच्या ओठांचा एक कोपरा हलला. हसू नव्हतं ते, पण हलला.

मग ती दारात गेली. मेलेल्याला हाक मारून बोलवावं लागतं, नाहीतर त्याला घर सापडत नाही. तोंड समुद्राकडे केलं आणि इतक्या मोठ्यानं हाक मारली की तारेवरचे पक्षी उडाले.

"विल्बर्त! जेवायला ये रे!"

समोरच्या सायकलच्या दुकानातून तिसरा विल्बर्त, पंक्चरवाला, हातातलं टायर तसंच घेऊन बाहेर आला. "काय हो दोन्या? मला हाक मारलीत?"

बासिलियानं त्याच्याकडे पाहिलं. तो तिच्या पोराच्याच वयाचा.

"तू नाही रे बाळा," ती म्हणाली. "तू जिवंत आहेस."

मग तिनं शालीच्या टोकानं नाक पुसलं, पुन्हा समुद्राकडे वळली, आणि या खेपेला चूक होऊ नये म्हणून बापाचं आणि स्वतःचं आडनाव लावून, सावकाश, एकेक शब्द सुटा करून, पूर्ण नाव घेतलं.